कडीपाटाला बळ देताना: आधी ओझं उतरवा, मग कडी जोडा

कडीपाट लवला की बहुतेक घरांत काम असं होतं: ठेकेदार येतो, वर बघतो, वखारीतून चार-सहा नवी लाकडं आणतो, लवलेल्या कड्यांना शेजारून खिळे मारून जोडतो आणि खालून पीओपीचं छत करून टाकतो. दोन दिवसांत खोली नवी दिसते. दोन-तीन वर्षांनी पीओपीला तडे जातात आणि छत पुन्हा लवलेलं असतं.

नवं लाकूड बहुतेक वेळा चांगलंच असतं. चूक असते ती कामाच्या क्रमात. जुनी कडी वरच्या मातीच्या भाराने आधीच वाकलेली असते. त्याच अवस्थेत तिला नवी कडी बांधली, तर वरचा भार जवळजवळ सगळा जुन्याच कडीवर राहतो. नव्या कडीच्या वाट्याला येतो तो फक्त पुढे वाढणारा भार. पैसे खर्च होतात, पण नवं लाकूड नुसतं शेजारी उभं राहतं. मल्हारगंज, जुनं इंदूर आणि राजवाड्याच्या आसपासच्या बोळांतल्या ओळखीच्या घरांत मी हे इतक्यांदा पाहिलं आहे, की सगळं क्रमाने लिहून काढायचं ठरवलं.

शब्दांचा घोळ नको म्हणून आधी एवढं सांगते. तुळई म्हणजे भिंतीपासून भिंतीपर्यंत जाणारं मोठं लाकूड. कडी म्हणजे तुळयांवर काटकोनात, जवळजवळ बसवलेली लहान लाकडं. पाट म्हणजे कड्यांवरच्या फळ्या. दोन तुळयांमधली जागा म्हणजे खण.

हा लेख कोणत्या कामासाठी नाही

तुळईलाच आडवी चीर गेली असेल, भिंत ओळंब्यातून बाहेर आली असेल, भिंतीला पोट सुटलं असेल किंवा एका खोलीतल्या तिसऱ्या हिश्शाहून जास्त कड्या खराब असतील, तर इथेच थांबा आणि परवानाधारक स्ट्रक्चरल इंजिनिअरला घरी बोलवा. माळव्याची काळी माती पावसात फुगते आणि उन्हाळ्यात आकसते. त्यामुळे भिंत हलत असेल तर दोष छतात नसून पायात असतो, आणि कड्या कितीही बळकट केल्या तरी तो जात नाही. शेजाऱ्याबरोबर सामायिक भिंत असेल तर त्यांना आधी सांगा, त्यांच्या बाजूनेही भिंत बघून घ्या. आपल्या कडीचं टोक कधीकधी त्यांच्या कपाटामागे निघतं.

काम दिवाळीनंतर काढा आणि मेअखेर संपवा. वर गच्ची असेल तर जूनमध्ये उघडा कडीपाट ठेवण्यासारखी दुसरी घोडचूक नाही.

१. मोजणी आणि खडूचे आकडे

पीओपी किंवा कापडी छत असेल तर ते पूर्ण काढा. एक कोपरा उघडून अंदाज बांधू नका.

प्रत्येक कडीला खडूने क्रमांक द्या आणि वहीत तेवढ्याच ओळी आखा. कडीच्या दोन्ही टोकांना, खालच्या बाजूने, सारख्या जाडीचे दोन ठोकळे लावून त्यांवरून सूत ताणा. मध्यावर सूत आणि कडी यांतलं अंतर मोजा. ठोकळ्याच्या जाडीतून ते वजा केलं की कडी किती लवली ते कळतं. सगळे आकडे लिहून ठेवा, कारण पुढे तीनदा हेच मोजायचं आहे.

मग हातोडीच्या दांड्याने कडी वाजवा. चांगलं लाकूड खणखणतं, पोखरलेलं भद्द वाजतं. त्यानंतर पेचकस (स्क्रूड्रायव्हर) घ्या आणि दर हातावर टोचा. भिंतीत शिरणाऱ्या शेवटच्या वीतभर भागात मात्र चारही बाजूंनी टोचा, कारण कडी कुजते ती बहुधा तिथेच.

आमच्या घरात आजीच्या खोलीतली सात नंबरची कडी दिसायला सगळ्यांत देखणी होती. तेलरंगाचा तुकतुकीत हात, कुठे भोक नाही. सुतारकाकांनी भिंतीलगत पेचकस टेकवला आणि नुसता तळव्याने दाबला. तो मुठीपर्यंत आत गेला. बाहेर काढला तेव्हा टोकाला ओलसर, चहाच्या चोथ्यासारखा भुगा चिकटून आला. ते म्हणाले, "भिया, ऊपर का रंग मत देखो, दीवार में क्या है वो देखो." आधीच्या कोणा मिस्त्रीने कडीचं टोक सिमेंटने गच्च भरून टाकलं होतं. भिंतीतला ओलावा लाकडात शिरत होता आणि बाहेर पडायला वाट नव्हती.

तपासा: कडी लवलेली असणं आणि कडी कमकुवत असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. साठ-सत्तर वर्षं भार घेतलेलं सागवान कायमचं थोडं वाकतं आणि तरी ठणठणीत असतं. काळजी करायची ती टोकं मऊ असतील, चीर असेल, किंवा वरून एक माणूस चालला की छत खाली थरथरत असेल तर.

२. पाणी आणि वाळवी

ओल कुठून येते ते सापडल्याशिवाय एकही लाकूड विकत घेऊ नका. गच्चीची नाली, वरच्या मोरीचा पाइप, पन्हाळीचा फुटका जोड, भिंतीत मुरणारं शेजारचं पाणी, सगळं बघा. लाकडातला ओलावा १८-२० टक्क्यांच्या खाली राहिला तर बुरशी वाढत नाही. हजार-दोन हजारांत मिळणाऱ्या ओलावामापक यंत्राचा खर्च इथे वसूल होतो. कडीच्या मध्यावर १२ आणि टोकाला २५ दिसलं, की पाणी भिंतीतून येतंय हे समजा.

वाळवीची मातीची नळी दिसली तर ती नुसती झाडून टाकू नका. वाळवी बहुधा जमिनीतून भिंतीच्या आतून वर येते, म्हणून उपचार पायापासून करावा लागतो. हे काम जाणकार पेस्ट कंट्रोलवाल्यांकडूनच करून घ्या आणि नवं लाकूड आणण्याआधी करा. लाकडाला भुंग्याची बारीक भोकं असतील तर बोरॅक्स आणि बोरिक ॲसिडचं द्रावण उपयोगी पडतं, मात्र ते रंग खरवडून उघड्या लाकडावरच मुरतं.

इशारा: गाडीचं जळकं ऑइल कड्यांना फासू नका. आतल्या वाळवीला त्याने काही होत नाही, वास महिनोन्‌महिने जात नाही, आणि त्यातून जुन्या वायरी जात असतील तर आगीला निमंत्रण.

३. धिरे, पण अजून उचलायचं नाही

या टप्प्यावर धिरे, म्हणजे छताला खालून द्यायचे तात्पुरते टेकू, फक्त टेकवायचे. वर माणसं फावडी घेऊन उभी राहणार आहेत, त्यांच्या सुरक्षेसाठी.

भाड्याने मिळणारे लोखंडी स्क्रू-जॅकचे धिरे घ्या. कड्यांच्या खाली, भिंतीपासून दोन फुटांवर आणि समांतर, एक जाड आडवं लाकूड धरा. त्याखाली दर चार फुटांवर एक धिरा. दुसऱ्या भिंतीकडेही तसंच. तुळईच्या मध्याखाली वेगळा धिरा. प्रत्येक धिऱ्याच्या पायाखाली दोन इंची फळी हवीच, नाहीतर सगळा भार एका फरशीवर येतो आणि ती फुटते.

इशारा: पहिल्या मजल्यावर काम असेल तर तळमजल्यावरही नेमक्या त्याच रेषेत धिरे लावा आणि भार जमिनीपर्यंत न्या. वरच्या कड्या वाचवताना खालच्या कड्या मोडल्याची घरं मी पाहिली आहेत.

मेन स्विच बंद करा. जुन्या वायरी पाटांच्या फटींतून कुठेही गेलेल्या असतात.

४. ओझं उतरवा

या कामाचा जीव इथे आहे, आणि नेमका हाच टप्पा गाळला जातो.

आकडा मांडून बघा. दहा बाय बारा फुटांची खोली म्हणजे सुमारे ११ चौरस मीटर. पाटांवर सहा इंच माती असेल, आणि कोरडी माती घनमीटरला साधारण १६०० किलो भरते, तर एका खोलीच्या डोक्यावर अडीच टनांहून जास्त वजन आहे. माती भिजली की आणखी जास्त. घरात राहणाऱ्या माणसांचा आणि सामानाचा भार धरायला मानकात चौरस मीटरला सुमारे २०० किलो सांगितले आहेत. नुसती माती त्याहून जड भरते.

माती खोलीच्या मध्यापासून भिंतींकडे अशी काढा, म्हणजे मधला भार आधी हलका होतो. काढलेली माती कोपऱ्यात ढीग करून ठेवू नका, शेजारच्या खोलीतही नाही. पंचवीस किलोच्या शंभराहून जास्त गोण्या निघतील. तेवढी माणसं आणि खाली न्यायची सोय आधी लावून ठेवा. मातीत उंदरांची घाण असते, कधी पूर्वी टाकलेली कीटकनाशक पावडरही. चांगला मास्क घाला, ओलं फडकं तोंडाला बांधून भागत नाही.

पाट उचलताना त्यांनाही क्रमांक द्या. जुन्या सागाचे पाट बहुधा पुन्हा वापरता येतात.

मग दोन-तीन दिवस काहीच करू नका. कड्या मोकळ्या झाल्या की थोड्या वर येतात. पुन्हा सूत लावा. आमची पाच नंबर ३१ मिमी लवलेली होती, माती उतरल्यावर तिसऱ्या दिवशी २४ वर आली. ते सात मिलिमीटर फुकट मिळाले.

५. कडी वर घेणं

आता धिरे हळू फिरवा. दिवसाला दोन-तीन मिलिमीटर, त्याहून जास्त नाही. लाकूड करकरलं की थांबा, अर्धा फेरा उलटा फिरवा, दुसऱ्या दिवशी पुन्हा सुरू करा. वरच्या भिंतीवर, दाराच्या चौकटीच्या कोपऱ्यांत पेन्सिलने रेघ मारून ठेवा. तिथे नवी चीर दिसली तर आणखी उचलू नका.

छत आरशासारखं सपाट करायचा हट्ट धरू नका. लाकडाने पन्नास वर्षांत घेतलेला बाक एका आठवड्यात सरळ करायला गेलं तर ते तडकतं. निम्मा बाक गेला तरी पुष्कळ झालं, बाकीचा वरच्या जमिनीखाली पाचरी घालून लपवता येतो.

६. भिंतीतली टोकं

सडलेलं टोक कापून टाका, पण चांगलं लाकूड लागल्यावरही आणखी चार-सहा इंच मागे कापा. भिंतीतला कोनाडा साफ करा, सिमेंट भरलेलं असेल तर छिन्नीने हलक्या हाताने काढा. तळाला सपाट दगडी चीप बसवा आणि तिच्यावर डांबरी कागदाची पट्टी ठेवा, म्हणजे ओल खालून लाकडात चढत नाही. कडी (टोक कापलेलं असेल तर पुढच्या टप्प्यात तिला जोडायचं लाकूड) किमान १०० मिमी भिंतीत टेकली पाहिजे. बाजूंनी आणि मागे बोटभर, १२-१५ मिमी, मोकळी जागा सोडा.

मिस्त्री ती जागा भरायला बघतोच. त्याला ते अपुरं काम वाटतं. टोकाला हवा लागली तरच ती कडी पुढची चाळीस वर्षं जगते हे त्याला समजावून सांगा, आणि प्लास्टरच्या दिवशी स्वतः समोर उभे राहा.

७. नवी कडी जोडणं

लाकूड वाळलेलं हवं, ओलावा १२ टक्क्यांच्या आसपास. सागवान परवडत नसेल तर साल घ्या. ते बळकट आहे, पण जड आहे आणि भोक पाडल्याशिवाय त्यात स्क्रू जात नाही. ओलं लाकूड स्वस्त मिळतं म्हणून घेतलं, तर ते वर्षभरात आकसतं आणि सगळे बोल्ट ढिले पडतात.

नवी कडी एका आधारापासून दुसऱ्या आधारापर्यंत पूर्ण लांबीची असावी. जुन्या कडीत फक्त मध्यावर खराब भाग असेल तरच तुकडा चालतो, आणि तो खराब भागाच्या दोन्ही बाजूंनी किमान तीन फूट पुढे गेला पाहिजे. टोक सडलेलं असेल तर तुकडा भिंतीत टेकलाच पाहिजे. हवेत संपणारा तुकडा काही कामाचा नाही.

मापाबद्दल एक गोष्ट लक्षात ठेवा. लाकडाचा ताठपणा रुंदीच्या प्रमाणात वाढतो, पण उंचीच्या घनाच्या प्रमाणात. चार इंच उंचीच्या कडीऐवजी पाच इंचाची घेतली की ताठपणा जवळजवळ दुप्पट. म्हणून जाड लाकडापेक्षा उंच लाकूड घ्या, वरची बाजू जुन्या कडीच्या पातळीत ठेवा, आणि खाली एक इंच जास्त आलं तर येऊ द्या. भारतीय मानक ८८३ प्रमाणे, खाली किंवा वर तडकणारी वस्तू असेल तर वाक लांबीच्या ३६० व्या भागापेक्षा जास्त नसावा. आठ फुटी कडीला तो साधारण ७ मिमी होतो. इंजिनिअरला हिशेब विचारताना हा आकडा सांगा.

नवी पूर्ण लांबीची कडी दोन भिंतींमध्ये शिरेल कशी, असा प्रश्न येतोच. एका बाजूचा कोनाडा सहा इंच जास्त खोल करा. कडी तिरकी धरून त्यात खोल सरकवा, दुसरं टोक समोरच्या कोनाड्यासमोर आणा आणि मागे ओढा. नीट न्याहाळून हलका फुगवटा असलेली बाजू वर ठेवा, मोठ्या गाठी वरच्या अंगाला येऊ द्या.

आता बोल्ट. दोन्ही कड्या शिकंज्याने घट्ट आवळा, मध्ये फट दिसता कामा नये. जुनी कडी वेडीवाकडी असेल तर रंध्याने नवीची बाजू जुळवा. चार इंच उंचीच्या कडीला १० मिमीचे बोल्ट, मध्यावरून एका ओळीत. सहा इंच किंवा जास्त उंची असेल तर १२ मिमीचे, एक वर एक खाली असे नागमोडी, काठापासून ५० मिमी आत. दर ४०० मिमीला एक, आणि दोन्ही टोकांशी दोन-दोन. दोन्ही बाजूंना मोठे चौकोनी वॉशर घाला, नाहीतर नट लाकडात रुतत जातो. बोल्ट जस्ताचा मुलामा दिलेले घ्या, साधं लोखंड सागात काळे डाग पाडतं आणि गंजतं. भोक गिरमिटाने किंवा ड्रिलने नेमक्या मापाचं पाडा.

इशारा: फक्त खिळ्यांवर हे काम सोडू नका. वाळलेलं सागवान खिळ्याने चिरतं, आणि चीर बरोबर धाग्याच्या रेषेत पुढे जाते.

तपासा: कडीच्या मधल्या भागात, खालच्या कडेला, वायर किंवा पाइप नेण्यासाठी खाच पाडलेली नाही ना? भोक पाडावंच लागलं तर कडीच्या उंचीच्या मध्यातून, आणि छोटं.

कडी आठ फुटांहून लांब असेल तर मध्यावर प्रत्येक दोन कड्यांमध्ये त्यांच्याच उंचीचे लाकडी ठोकळे ठोकून बसवा. एका कडीवर पाय पडला की भार शेजारणींना वाटला जातो आणि थरथर कमी होते.

८. शेजारी जागाच नसेल तर

काही घरांत कड्या इतक्या जवळ असतात की बोल्टाला पाना लागत नाही. अशा वेळी कड्यांच्या खाली, मध्यावरून आडवं एक लोखंडी चॅनेल घ्या. मध्ये आधार आला की कडीची मोकळी लांबी निम्मी होते, आणि लांबी निम्मी झाली की वाक सोळाव्या हिश्शावर येतो. १०० मिमीचं चॅनेल मीटरला साडेनऊ किलोच्या आसपास भरतं, दोन माणसं सहज उचलतात. चॅनेलचं नेमकं माप मात्र इंजिनिअरने काढावं, कारण ते खोलीच्या रुंदीवर ठरतं.

चॅनेलचं टोक मातीच्या किंवा आत माती भरलेल्या जुन्या भिंतीत अँकर बोल्टने लटकवू नका, तो धरत नाही. दगडी चीप घालून भिंतीत टेकवा, किंवा भिंतीलगत लोखंडी खांब पायापर्यंत उतरवा. चॅनेल आणि कडी यांमधली फट लाकडी पाचरींनी भरा, एका दिवसात गच्च नाही, तीन दिवसांत हळूहळू.

९. वरची जमीन

इतकं करून पुन्हा तीच माती वर टाकली तर सगळी मेहनत पाण्यात. कोट्याची फरशी सर्वांना हवी असते. २५ मिमी कोटा आणि खाली ४० मिमी सिमेंट-वाळूचा मसाला म्हणजे चौरस मीटरला १४० किलोच्या आसपास. त्याच खोलीवर पुन्हा दीड टन.

आतली खोली असेल तर जुने पाट, त्यांवर १९ मिमीचा पाणीरोधक प्लाय, त्यावर लाकडी किंवा व्हिनाइलची जमीन. प्लाय चौरस मीटरला बारा किलोच्या आसपास भरतो. स्क्रू काठांवर दर १५० मिमीला, मध्ये दर ३०० मिमीला, आणि ते कड्यांमध्येच गेले पाहिजेत. भिंतीलगत बोटभर जागा सोडा, पावसाळ्यात लाकूड फुगतं. खालच्या खोलीत पावलांचा आवाज येत असेल तर मध्ये फेल्टचा थर घाला.

इशारा: कड्यांवर सिमेंट-काँक्रीटचा स्लॅब ओतू नका. चार इंची स्लॅब चौरस मीटरला अडीचशे किलो भरतो, आणि ओला असताना तो सगळा या कड्यांवरच असतो. "एकदाच पक्कं करून टाकू" म्हणणाऱ्या ठेकेदाराला इथे ठाम नकार द्या. गच्चीवर टाकी ठेवायची असेल तर तीही कड्यांच्या मध्यावर नको, भिंतीच्या डोक्यावर आडवे गर्डर टाकून त्यांवर ठेवा.

१०. धिरे काढणं आणि त्यानंतर

वरची जमीन पूर्ण झाल्यावरच धिरे सैल करा, दिवसाला अर्धा फेरा, मधले आधी आणि भिंतीजवळचे शेवटी. शेवटचा धिरा निघाला की तिसऱ्यांदा सूत लावा आणि वहीतल्या आकड्याशेजारी लिहा. महिन्याने पुन्हा मोजा. आकडा वाढत नसेल तर खालचं छत करायला हरकत नाही. पीओपी करायचंच असेल तर भिंतीच्या कडेला, कड्यांची टोकं दिसतील अशा दोन उघडझाप होणाऱ्या खिडक्या ठेवा.

पहिला पावसाळा आणि पहिला उन्हाळा गेल्यावर प्रत्येक बोल्टला पाना लावा. आमच्याकडे ४६ बोल्टांपैकी ११ अर्धा ते एक फेरा फिरले, दुसऱ्या वर्षी दोनच.